हप्ता वाढू दिला नाही

१ जून, सकाळी सहा

आजपासून रोजनिशी. कोणी वाचावी म्हणून नाही. डोक्यात इतके विचार येतात, ते वाया जाऊ नयेत एवढाच हेतू.

आज घरकर्जाचा एकशे आठवा हप्ता खात्यातून गेला. नऊ वर्षं पुरी झाली. कर्ज पंचवीस लाख, मुदत वीस वर्षं. राहिली अकरा. मी एकोणपन्नासचा, म्हणजे शाळेतून निवृत्त व्हायला आणि कर्ज संपायला एकच गाठ पडणार. वर्गात मी पोरांना सांगतो, साम्राज्यं तलवारीने पडत नाहीत, व्याजाने पडतात. हे सांगणारा मास्तर स्वतः व्याजाला पुरून उरला आहे, ते त्या पोरांना कुठे माहीत.

संकल्प: रोज लिहिणे. राग आवरणे. बायकोला नोकरीतून मोकळं करणे.

२ जून

तिसरा संकल्प नीट लिहून ठेवतो.

बायको इस्पितळात सिस्टर आहे. बावीस वर्षं झाली. दोन्ही गुडघे कामातून गेलेत. तिच्याच वॉर्डातले डॉक्टर म्हणतात, सलग चार तासांवर उभं राहू नका. ड्युटी आठ तासांची. वॉर्डात एक स्टूल आहे, त्यावर सलाइनची खोकी असतात.

घर घेतलं तेव्हा मी तिला शब्द दिला होता की अर्धं कर्ज फिटलं की तू घरी. कर्ज मी एकट्याच्या नावावर घेतलं होतं, ते याच स्वाभिमानापोटी. (हप्ता दोघांच्या पगारातून जातो, पण तो वेगळा मुद्दा.)

आज तपासलेल्या पेपरच्या मागे हिशोब केला. पंचवीस लाख भागिले वीस, गुणिले अकरा. पावणेचौदा लाख उरले. जवळजवळ अर्धं. आता बँकेत जायचं आणि सांगायचं, कर्ज अर्धं झालं, हप्ताही अर्धा करा. एकवीस हजार सहाशे शहाण्णवचे दहा हजार आठशे अठ्ठेचाळीस. एवढे माझ्या एकट्याच्या पगारातून आरामात जातील. इतकी साधी गोष्ट लोकांना सुचत नाही याचं कारण लोक विचार करत नाहीत.

तिला सांगितलं. ती गुडघ्याचे पट्टे सोडत होती. म्हणाली, बँक ऐकेल? मी म्हणालो, बँकेने आजवर माझंच ऐकलंय.

५ जून

वरचं वाक्य फुशारकीचं वाटू नये म्हणून पुरावा नोंदवतो.

पाच वर्षांपूर्वी व्याजाचा दर साडेआठचा साडेदहा झाला. शाळेतल्या सगळ्यांचे हप्ते वाढले. सगळे स्टाफरूममध्ये हळहळले आणि मुकाट भरू लागले. मी एकटा शाखेत गेलो. मॅनेजरच्या टेबलासमोर उभा राहून चाळीस मिनिटं बोललो. सावकारी, गुलामगिरी, दुष्काळात जमिनी गिळणारे सरदार, सगळं काढलं. रांगा मोडून लोक ऐकायला आले. पेन्शनसाठी आलेल्या एका आजोबांनी टाळ्या वाजवल्या. मॅनेजरने स्वतः उठून पाणी दिलं आणि म्हणाला, सर, तुमचा हप्ता नाही वाढवत, झालं? इथे सही करा.

केली. कागद वाचला नाही. समोरचा हरला की ते त्याच्या तोंडावर लिहिलेलं असतं, कागद कशाला वाचायचा?

त्या दिवसापासून आजपर्यंत माझा हप्ता एका पैशाने वाढलेला नाही. आख्ख्या शाळेत एकट्याचा.

९ जून

बायकोच्या मेट्रनने सांगितलंय, ज्यांना नोकरी सोडायची त्यांनी एकतीस जुलैपर्यंत लिहून द्यावं, ऑक्टोबरात मोकळं करतात. त्यानंतर वर्षभराच्या ड्युट्या लागतात आणि मग सोडता येत नाही.

मी लगेच राजीनामा लिहून दिला. तीन पानं. सेवा म्हणजे काय इथपासून सुरुवात केली. तिने उभ्याउभ्या वाचला आणि म्हणाली, हा राजीनामा आहे की माझ्या मरणानंतरची शोकसभा? एक ओळ पुरते.

मग म्हणाली, पण आधी बँकेचा कागद आणा. किती राहिलंय ते त्यांच्या हिशोबाने लिहिलेलं.

मला वाईट वाटलं. नवऱ्याच्या हिशोबावर विश्वास नाही आणि सावकाराच्या आहे.

तरी आणणार. उद्याच.

१० जून

गेलो नाही. पाठ धरलीय.

१४ जून

गेलो. बँक बंद. (मी पोहोचलो तेव्हा.)

१८ जून

मुख्याध्यापकांनी गळ घातली, शिक्षकांच्या वाचनालयात एक व्याख्यान द्या. विषय मीच सुचवला: ‘कर्जमुक्ती: सामान्य माणसाचा लढा’. पाच जुलैला. आता तयारी की बँक? विचारांच्या कामाला अग्रक्रम द्यावा लागतो.

बायको म्हणाली, व्याख्यानासाठी तरी आकडा लागेल ना? मी म्हणालो, श्रोत्यांना आकडे नको असतात, दिशा हवी असते. म्हणाली, मग बँकेची दिशा सांगू का, चौकातून डावीकडे.

२१ जून

व्याख्यानासाठी कपाटातली पुस्तकं काढली. मध्ये मध्ये बँकेची पाकिटं निघाली. ही पाकिटं दर काही महिन्यांनी येतात. मी उघडत नाही. न मागता पाठवलेलं वाचायचं नाही असा नियमच आहे माझा. पण पाकीट जाड असतं, खूण म्हणून पानात छान बसतं. बँकेने मला आयुष्यात फुकट दिलेली एवढी एकच वस्तू.

मेहुणा आला होता. बायकोचा धाकटा भाऊ, छपाईच्या मशीनवर असतो, जन्मभर भाड्याच्या घरात. त्याला म्हणालो, दर महिन्याला भाडं दुसऱ्याच्या घशात घालतोस, हातात काय उरतं? तो म्हणाला, भावजी, हातात काही नाही, पण डोक्यावरही काही नाही. बहीण हसली. दोघांची अक्कल एकाच घरातली.

५ जुलै, संध्याकाळी

व्याख्यान झालं. तेवीस माणसं. त्यांतला शिपाई खुर्च्या उचलायला थांबला होता, पण ऐकत होता.

सव्वा तास बोललो. शेवटचं वाक्य होतं, ‘त्यांनी दर वाढवला, मी हप्ता वाढू दिला नाही.’ चांगल्या टाळ्या पडल्या. मागच्या बाकावरच्या चित्रकलेच्या बाईंनी डोळे पुसले. (त्यांना सर्दी आहे असं कोणीतरी म्हणालं. आकसाने.)

चहाच्या वेळी गणिताचा नवा मास्तर जवळ आला. तिशीतला पोरगा, शर्टाच्या खिशाला दोन पेनं. हळूच म्हणाला, सर, दर वाढला आणि हप्ता तोच राहिला, तर मधला फरक कोण भरतं?

मी म्हणालो, बँक. तो आमच्या दबावाचा परिणाम.

तो चहा ढवळत राहिला. म्हणाला, बँक. बरं.

 गणितवाल्यांना माणसाची ताकद कधी कळायची नाही. त्यांना फक्त बेरीज कळते.

८ जुलै

त्या पोराचं ‘बरं’ कानातून जात नाही. कसला उर्मट शब्द आहे.

राग आवरणे.

१२ जुलै, दुपारी

बँकेत गेलो. अर्धी सुट्टी टाकून.

जुना मॅनेजर बदलून गेलाय. त्याच्या जागी एक बाई आहेत, चष्मा कपाळावर ठेवून बोलतात. मी उभा राहून सुरुवात केली. त्या म्हणाल्या, सर, बसा, खाते क्रमांक सांगा. बसून भाषण होत नाही. हा डाव असतो त्यांचा.

जूनअखेरचा कागद छापून दिला. मी वाचला. चष्मा पुसून परत वाचला.

उरलेली मुद्दल: एकवीस लाख एकतीस हजार दोनशे दहा.
उरलेले हप्ते: दोनशे सव्वीस.

म्हणालो, मशीन चुकलंय. त्यांनी स्क्रीन माझ्याकडे वळवली. तिथेही तेच. म्हणाल्या, सर, दर वाढला की आमच्याकडे दोनच रस्ते, हप्ता वाढवायचा नाहीतर मुदत वाढवायची. तुम्ही मुदत निवडलीत. ही सही तुमचीच ना?

माझीच होती. फार ठसठशीत.

मी म्हणालो, मी मुदत वाढवा म्हणालो नव्हतो, हप्ता वाढवू नका म्हणालो होतो.

त्या म्हणाल्या, हो सर. तेच.

मग शेवटचा प्रयत्न म्हणून विचारलं, हप्ता अर्धा होईल का? त्यांनी कपाळावरचा चष्मा डोळ्यांवर घेतला आणि माझ्याकडे पाहिलं. म्हणाल्या, तुमच्या हप्त्यातले साडेअठरा हजार आताही नुसत्या व्याजात जातात. अर्धा केलात तर व्याजही भरलं जाणार नाही, कर्ज दर महिन्याला वाढत जाईल. फार शांतपणे सांगितलं. मी पाचवीच्या पोराला सांगतो तसं.

सुरुवातीला हप्ते होते दोनशे चाळीस. भरले एकशे आठ. उरले दोनशे सव्वीस. म्हणजे नऊ वर्षांत मी चौदा पावलं पुढे आलो.

१३ जुलै

शाळेत सहावीला शिकवताना मध्येच थांबलो. पोरांना वाटलं मी काहीतरी गंभीर सांगणार.

एकूण भरले तेवीस लाख त्रेचाळीस हजार. त्यातून मुद्दल फिटली तीन लाख अडुसष्ट हजार. बाकीचे पावणेवीस लाख व्याज. हे चोर आहेत. हे दरोडेखोर आहेत. दरोडेखोर निदान एकदाच येतो.

घर पाचशे साठ फुटांचं. भरलेल्या मुद्दलीच्या प्रमाणात माझ्या वाट्याला त्र्याऐंशी फूट येतात. टेप घेऊन मोजलं. न्हाणीघर, संडास आणि गॅलरी. स्वयंपाकघरात मी पाहुणा आहे. ज्या खोलीत बसून हे लिहितोय ती तर त्यांचीच.

बायकोने विचारलं, काय मोजताय? म्हणालो, रंग काढायचाय. म्हणाली, कागद मिळाला का? म्हणालो, पोस्टाने येणार आहे.

१५ जुलै

तिला का सांगितलं नाही याची कारणं:

ती दमून येते.
बाजू अजून पूर्ण स्पष्ट नाही.
मी लढणार आहे, आणि सेनापती रणांगणावरून घरी निराशेची पत्रं पाठवत नाही.

मुख्य कचेरीला अकरा पानी पत्र लिहिलं. पाच मसुदे केले. चौथा जास्त जळजळीत होता, पण पाचवा पाठवला, कारण संकल्प क्रमांक दोन.

२० जुलै

उत्तर आलं. मोबाइलवर. ‘आपली तक्रार निकाली काढण्यात आली आहे. आमच्या सेवेला पाचपैकी किती तारे द्याल?’

एक दिला. शून्याची सोय नव्हती.

२३ जुलै

पुस्तकांतली पाकिटं काढली. एकोणीस निघाली. खाली बसून ओळीने उघडली.

पाच वर्षांपूर्वीचं सापडलं. एका जाडजूड इतिहासाच्या दोनशे बाराव्या पानात होतं. तो ग्रंथ मी तिथेच सोडला होता. पत्र साध्या भाषेत आहे, हेच जास्त लागतं. आपल्या विनंतीवरून हप्ता कायम ठेवून मुदत वाढवत आहोत. मूळ मुदतीत कर्ज संपवायचं असल्यास हप्त्यात दोन हजार सातशे नव्वद वाढवावे लागतील. तसं तीस दिवसांत कळवावं.

दोन हजार सातशे नव्वद. तेवढ्या पैशांची मी दर महिन्याला पुस्तकं घेत होतो.

ते वाचवण्यापायी चौऱ्याण्णव हप्ते जास्त पडले. वीस लाख एकोणचाळीस हजार. या गुणाकाराला मला गणितवाला लागला नाही.

चाळीस मिनिटं बोललो होतो. आजोबांनी टाळ्या वाजवल्या होत्या. मॅनेजर पाणी का देत होता, ते आता कळलं. बोलून बोलून माणसाचा घसा सुकतो आणि मग तो सही पटकन करतो.

शाळेत ज्यांनी मुकाट जास्त हप्ता भरला त्यांची कर्जं वेळेवर संपणार. त्या मुकाट लोकांपुढे मी सव्वा तास बोललो. त्यांच्यापैकी कोणी काही बोललं नाही. सभ्य माणसं आहेत. नाहीतर त्यांनीही पाकिटं उघडली नसतील. देव करो आणि तसं असो.

२६ जुलै

बायकोला कागद सापडला. धुवायच्या शर्टाच्या खिशात.

ती पेशंटचा तक्ता वाचते तसा वाचला. उभ्याने, खालून वर. मग खुर्ची ओढून बसली. मी बोलायला लागलो. बँकांची कुटिल नीती, चक्रवाढ, व्यवस्था. ती म्हणाली, थांबा जरा. तुम्ही किती वर्षांचे असाल?

म्हणालो, सदुसष्ट. जवळजवळ अडुसष्ट.

आणि पेन्शनीतून हप्ता जाईल?

मी म्हणालो, प्रश्न तत्त्वाचा आहे. ती म्हणाली, नाही हो, प्रश्न गुडघ्याचा आहे.

आवाज चढवला नाही. चढवला असता तर बरं झालं असतं, मला उत्तर देता आलं असतं. विचारलं, किती दिवस माहीत होतं? मी म्हणालो, चौदा. ती म्हणाली, चौदा दिवस मी वॉर्डात सगळ्यांना सांगत होते की ऑक्टोबरात सुटते म्हणून. नव्या पोरींनी माझं स्टूल कोणी घ्यायचं तेही ठरवलंय.

२८ जुलै

तिने मेहुण्याला बोलावलं. मेहुण्याने गणिताच्या मास्तरला बोलावलं. ते दोघं एकमेकांना ओळखतात हे मला माहीत नव्हतं. शाळेच्या प्रश्नपत्रिका मेहुण्याच्या मशीनवर छापतात. तिघं स्वयंपाकघरात बसली. मी चहा केला.

पोराने वहीत रेघा मारून सगळं मांडलं. दुसरी एक बँक नऊ टक्क्यांनी द्यायला तयार आहे, कर्ज तिकडे न्यायचं. मी विचारलं, यात फसवणूक कुठे आहे? तो म्हणाला, सर, नाहीये. पण साठीच्या पुढे ते देत नाहीत. तुमच्या एकट्यावर अकराच वर्षं मिळतील, आणि हप्ता जाईल साडेपंचवीस हजारांवर.

एवढा जमणार नाही, आणि तिने नोकरी सोडली तर मुळीच नाही, हे कोणालाच बोलावं लागलं नाही.

मग तो कपाकडे बघत म्हणाला, वहिनी पंचेचाळीसच्या आहेत ना? त्या सहकर्जदार झाल्या तर पंधरा वर्षं मिळतील.

मेहुणा बहिणीकडे बघत होता. म्हणाला, ताई, माझं ऐक, घर विकून टाका. ती म्हणाली, विकून बँकेचं देऊन उरेल त्यात भाडं किती वर्षं भरू? तुझ्यासारखं नऊ वर्षांपूर्वी सुचलं असतं तर वेगळं.

मी साखर घालायला विसरलो होतो. सगळ्यांनी तसाच प्यायला.

३० जुलै

नव्या बँकेत गेलो. चकचकीत कचेरी, झाडं प्लॅस्टिकची. टाय लावलेला मुलगा फॉर्म भरून घेत होता. सगळे प्रश्न तिलाच. मला फक्त नाव विचारलं.

तो म्हणाला, मॅडम, नोकरी अजून किती वर्षं करणार?

ती म्हणाली, साठ होईपर्यंत.

मध्ये सोडण्याचा विचार?

नाही.

काही आजार? सांधे, पाठ, गुडघे वगैरे?

मी तोंड उघडलं. तिने माझ्या हातावर हात ठेवला आणि म्हणाली, काही नाही.

त्याने टिक केली. मी या वेळी सगळा कागद वाचायचा ठरवलं होतं. चव्वेचाळीस पानं. सहाव्या पानावर होतो तेव्हा ती सगळीकडे सह्या करून उठली होती. उठताना टेबलाला धरून उठली. मुलाने पाहिलं, आणि लगेच प्रिंटरकडे पाहू लागला.

सकारात्मक बाजू नोंदवायला हवी. नवा हप्ता एकवीस हजार सहाशे चौदा. म्हणजे ब्याऐंशीने कमी. व्याजाचा दर दीड टक्क्याने खाली आणला. पावणेचार वर्षं वाचली. एकंदरीत पाहता बँकेला नमवलं असं म्हणायला हरकत नाही.

घरी येताना तिला तसं म्हणालो. ती म्हणाली, हो.

३१ जुलै

राजीनाम्याचा शेवटचा दिवस. तिने दिला नाही. मेट्रनला भेटून फक्त एवढंच विचारलं की लिफ्ट असलेल्या बाजूचा वॉर्ड मिळेल का. मेट्रन म्हणाली, बघू.

वाचनालयाचे चिटणीस भेटले. व्याख्यान लोकांना आवडलं, दुसरा भाग ठेवू या म्हणाले. मी म्हणालो, सध्या वाचन चालू आहे.

१ ऑगस्ट, पहाटे साडेपाच

ती ड्युटीला निघाली. मी झोपलोय असं समजून तिने दार हळू ओढून घेतलं.

आपला तिसरा मजला. जिना उतरताना ती प्रत्येक पायरीवर दोन्ही पाय टेकवते, आवाजावरून कळतं. पायऱ्या चोपन्न आहेत. नऊ वर्षांत पहिल्यांदा मोजल्या. मध्ये दोनदा थांबली. दुसऱ्यांदा थांबली ती बराच वेळ.

मी जागा होतो. उठलो नाही.